डिमेलोच्या प्रेताचा अभिनय

विनोदाचं टायमिंग आपल्याला कळतं याबद्दल मराठी माणसाला स्वतःला तरी शंका नसते. त्यामागे पिढ्यान्‌पिढ्यांची नाटकाची सवय आहे. नट वाक्य टाकतो, थांबतो, हशा येऊ देतो आणि हशा उतरणीला लागला की पुढचं वाक्य बरोबर त्याच्या शेपटीवर ठेवतो. याला आपण ‘लाफ्टर घेणं’ म्हणतो, आणि ज्याला ते जमतं त्याला डोक्यावर घेतो. रंगमंचापुरता हा न्याय बरोबरच आहे. आपण तो सिनेमालाही लावतो, तिथे मात्र तो चुकतो. कॅमेऱ्यासमोरच्या नटाला प्रेक्षक मिळत नाही. त्याच्यासमोर उन्हात दमलेलं युनिट असतं, आणि त्यातल्या कुणाला हसू आलंच तर ते दाबावं लागतं. वाक्यानंतर किती थांबायचं याचा तो फक्त अंदाज करतो. तो अंदाज ठेवायचा, अर्ध्यावर तोडायचा की दुप्पट करायचा, हे पुढे काही महिन्यांनी एका बंद खोलीत ठरतं आणि ते ठरवणारी व्यक्ती पडद्यावर कधीच येत नाही.

संकलकाला श्रेय मिळत नाही ही तक्रार जुनी आहे आणि ती सगळ्याच सिनेमांना लागू पडते. माझं म्हणणं त्याहून थोडं पुढचं आहे. कमी पैशात झालेला, प्रदर्शनाच्या वेळी दुर्लक्षित राहिलेला आणि नंतर लोकांनी पारायणं करून अजरामर केलेला जो विनोदी सिनेमा असतो, ज्याला आता सगळेच ‘कल्ट’ म्हणतात, तो इतर कुठल्याही सिनेमापेक्षा जास्त संकलकाचा असतो. हे सांगायला रेणू सलुजा यांच्याइतकं चांगलं उदाहरण भारतीय सिनेमात नाही.

रेणू सलुजा यांचा जन्म १९५२चा, दिल्लीच्या पंजाबी घरातला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांना दिग्दर्शन शिकायचं होतं. तिथे प्रवेश मिळाला नाही म्हणून त्या संकलनाकडे वळल्या आणि १९७६मध्ये बाहेर पडल्या. त्या काळी मुंबईच्या एडिटिंग रूममध्ये जवळपास सगळे पुरुषच होते. १९८०च्या ‘अल्बर्ट पिंटो को गुस्सा क्यों आता है’चं संकलन त्यांनी केलं आणि तीनच वर्षांनी त्यांच्या टेबलावर ‘जाने भी दो यारो’ आला. कुंदन शाह यांचा हा पहिलाच सिनेमा. एनएफडीसी या सरकारी महामंडळाचा पैसा, आणि तोही सात लाखांच्या आत. नसीरुद्दीन शाह, ओम पुरी, पंकज कपूर, रवी बासवानी, सतीश कौशिक, नीना गुप्ता यांपैकी बहुतेक जण दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून आलेले. सिनेमातल्या ‘खबरदार’ नियतकालिकाच्या संपादिकेच्या भूमिकेत आपल्या ‘ती फुलराणी’च्या भक्ती बर्वे. दिग्दर्शक, छायाचित्रकार विनोद प्रधान आणि संकलक मात्र पुण्याच्या इन्स्टिट्यूटमधले. म्हणजे नट रंगमंचाच्या टायमिंगमध्ये मुरलेले आणि ते टायमिंग कापणारा हात सिनेमाच्या शाळेत तयार झालेला. या सिनेमाचा विनोद मला या दोन शाळांच्या झटापटीतून आलेला वाटतो.

ही झटापट सर्वांत स्पष्ट दिसते ती सिनेमातल्या एकमेव अशा पात्रात, जे अभिनय करूच शकत नाही. महापालिकेचे कमिशनर डिमेलो (सतीश शाह) सिनेमाच्या मध्यावर मरतात. त्यानंतर त्यांचं प्रेत हेच मुख्य पात्र होऊन बसतं. बिल्डर तरनेजाला ते लपवायचंय, दुसऱ्या बिल्डरला, आहुजाला, ते हवंय, आणि विनोद आणि सुधीर या दोन भोळ्या फोटोग्राफरांना ते पुरावा म्हणून जपायचंय. कधी ते शवपेटीत असतं, कधी द्रौपदीच्या साडीत. दारू प्यायलेला आहुजा भररस्त्यात शवपेटीला बंद पडलेली गाडी समजतो, आतल्या मृतदेहाला गाडीचा मालक समजतो आणि त्याच्याशी आपुलकीने, मग वैतागून, मग पुन्हा आपुलकीने बोलत राहतो. ओम पुरींच्या त्या कामाचं कौतुक आजवर खूप झालंय आणि ते रास्तच आहे. पण प्रसंग दोघांचा आहे, आणि त्यातला दुसरा मेलेला आहे.

सिनेमाच्या प्रत्येक शाळेत पहिल्या वर्षाला रशियन दिग्दर्शक लेव्ह कुलेशॉव्हचा प्रयोग शिकवतात. शंभरेक वर्षांपूर्वी त्याने मोझ्झुखिन नावाच्या नटाचा एकच निर्विकार चेहरा घेतला आणि त्याला कधी सूपची वाटी, कधी शवपेटी अशी वेगवेगळी चित्रं जोडली. लोकांना तोच चेहरा एकदा भुकेला वाटला, एकदा शोकाकुल. भावना चेहऱ्यात नव्हती, ती जोडण्यात होती. पुण्यात हे शिकलेल्या संकलकाला कुलेशॉव्हचा चेहरा अक्षरशः मिळाला. मोझ्झुखिन निदान जिवंत होता आणि थोडासा तरी अभिनय त्याने केला असण्याची शक्यता आहे. डिमेलोंना तेवढीही मुभा नाही. डोळे उघडे, ओठ जरासे विलग, संपलं. तरीही सिनेमा पाहताना आपल्याला शपथेवर वाटतं की डिमेलो आता अवघडलेत, आता वैतागलेत, आता जरा मजा घेतायत. हे वाटणं समोरच्याचं वाक्य कुठे संपतं आणि डिमेलोंचा चेहरा त्यानंतर नेमका किती वेळ पडद्यावर राहतो, यातून तयार होतं. लवकर कापलं तर तो फक्त मृतदेह राहील. उशिरा कापलं तर प्रेक्षकाला दया येईल किंवा किळस येईल, आणि विनोदात दोन्ही जीवघेणं. मधली जी अरुंद पट्टी आहे, तिच्यात हे प्रेत अभिनय करतं. सतीश शाह यांनी ते निश्चल पडून राहणं कमालीचं सांभाळलंय. पण प्रतिक्रिया त्यांच्या नाहीत. त्या टेबलावर झाल्या.

आता त्या टेबलाविषयी, कारण लॅपटॉपवर क्लिप ओढून सिनेमा जोडणाऱ्या पिढीला त्याची कल्पना येणं अवघड आहे. ३५ मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात सोळा चौकटी येतात आणि पडद्यावरून सेकंदाला चोवीस जातात. म्हणजे एका मिनिटाला नव्वद फूट. चित्राची पट्टी वेगळी, आवाजाची वेगळी. एकीतून चार चौकटी काढल्या तर दुसरीतूनही काढाव्या लागतात, नाहीतर ओठ एकीकडे आणि शब्द दुसरीकडे. काढलेले तुकडे फिल्म टांगायच्या बिनवर लटकत राहतात. आपला निर्णय चुकला असं वाटलं तर त्यातला नेमका तुकडा शोधायचा, चिकटपट्टी उचकटायची आणि पुन्हा जोडायचं. सहा चौकटी म्हणजे पाव सेकंद. त्या पाव सेकंदात हशा असतो किंवा नसतो. हे करून पाहायला दर वेळी इतका खटाटोप लागतो म्हटल्यावर कात्री चालवण्याआधी डोक्यातच तो कट दहा वेळा चालवून पाहण्याची सवय लागते.

त्यात सात लाखांचं बजेट. पैसा कमी म्हणजे कच्ची फिल्म कमी, रिटेक कमी, एकच प्रसंग चार कोनांतून टिपून ठेवण्याची चैन तर नाहीच. श्रीमंत सिनेमाच्या संकलकाकडे निवड असते, गरीब सिनेमाच्या संकलकाकडे जे आलंय तेच असतं. यावरून काही रसिक लगेच ‘टंचाईतूनच कला फुलते’ असं म्हणायला लागतात. मला हे वाक्य भरल्या पोटी बोलल्यासारखं वाटतं. त्याच एनएफडीसीच्या तुटपुंज्या पैशातून कितीतरी रटाळ सिनेमेही निघाले. टंचाईने ते सुधारले नाहीत, तेही पडले आणि पैसेही बुडाले. टंचाईमुळे फक्त जबाबदारी सरकते. जे लेखनात, सेटवर, चित्रीकरणात निस्तरता आलं नाही, ते सगळं शेवटच्या खोलीत येऊन पडतं. तिथे कुणी समर्थ माणूस बसलेला असेल तर सिनेमा तरतो, एवढंच.

समर्थ असण्याचा एक अर्थ निर्दय असणं हाही आहे. ‘जाने भी दो यारो’मध्ये ‘डिस्को किलर’ नावाचा एक मारेकरी होता, नवखे अनुपम खेर तो करत होते. तो चित्रित झाला आणि पूर्ण गेला. सिनेमात त्याचा मागमूस नाही. ज्या सिनेमात फुटाफुटाचा हिशेब, त्यात चित्रित झालेलं एक अख्खं पात्र काढून टाकायला काय धारिष्ट्य लागलं असेल! हा निर्णय कुणा एकाचा नसणार. दिग्दर्शकाची संमती त्यात आहेच. पण विनोदी सिनेमात प्रत्येकाला आपापला विनोद लाडका असतो. लेखकाला लिहिताना हसू आलेलं असतं, नटाला करताना, दिग्दर्शकाला पाहताना. त्या हास्याची आठवण नसलेला, तुकडा फक्त पडद्यावर काय करतो एवढंच पाहणारा खोलीत एकच जण असतो.

मात्र संकलक म्हणजे कापणारा, असं म्हटलं की महाभारताचा प्रसंग पंचाईत करतो. आपल्या मनात जो सिनेमा असतो त्याचा निम्मा भाग म्हणजे तो प्रसंग. चालू नाटकात शिरलेले बिल्डर आणि त्यांचे हस्तक, द्रौपदी झालेलं प्रेत, वस्त्रहरण करायलाच नकार देणारा कौरव, दुसऱ्याच नाटकातून आलेला मुघल राजपुत्र, काळा चष्मा लावलेला भीम. आणि सिंहासनावरचा धृतराष्ट्र, जो अंध असल्यामुळे हे काय चाललंय असं पुन्हा पुन्हा विचारत राहतो. इथे चतुराई दाखवायला भरपूर वाव होता. चेहऱ्यांवर झेप घ्यावी, ठेका वाढवावा, शेवटाकडे सटासट कापत जावं. त्याऐवजी प्रसंग बराचसा नाटकासारखाच ठेवलाय. माणसं रुंद चौकटीत एकमेकांवर आदळतात, रंगमंच रंगमंचासारखा दिसतो, आणि धृतराष्ट्राचा प्रश्न ठरावीक अंतराने परत येऊन ठेका धरतो. जिथे नटांची शाळा जिंकत होती तिथे सिनेमाच्या शाळेने हात मागे घेतला. डिमेलोंच्या चेहऱ्यावर पाव सेकंदाचा हिशेब ठेवणारा आणि इथे कात्री खाली ठेवणारा हात एकच आहे, हे मला त्या सगळ्या कामातलं सर्वांत मोठं वाटतं. नाटकाच्या माणसाला हा प्रसंग इतका का भावतो याचं उत्तरही तिथेच असावं.

आता मूळ मुद्दा. कल्ट म्हणजे काय? तिकिटबारीवर गाजलेला सिनेमा लोक एकदा पाहतात, फार तर दोनदा. कल्ट सिनेमा लोक पाठ करतात. ‘जाने भी दो यारो’ १९८३मध्ये आला तेव्हा फार चालला नाही. पुढे दूरदर्शनने, व्हिडिओ कॅसेटने आणि त्यानंतरच्या प्रत्येक यंत्राने तो घराघरांत नेला. आपल्याकडे ‘अशी ही बनवाबनवी’ही तसाच घराघरांत पोचला. टीव्हीवर मध्येच कुठूनही लागला तरी घर थांबतं आणि पुढचं वाक्य नटाच्या आधी आपल्याच तोंडून येतं. विनोदाचे जे सिद्धांत सांगतात की हसू अनपेक्षिताला येतं, ते इथे आडवे होतात. पन्नासाव्या खेपेला अनपेक्षित काय उरलंय? तरी हसू येतं. पहिल्या वेळचं हसू लेखकाच्या कल्पनेला येतं असं धरू. पन्नासाव्या वेळचं हसू लयीला येतं. ओळखीच्या तिहाईची सम माहीत असली तरी ती जागेवर पडली की मान हलते, तसंच काहीसं. आणि सिनेमातली लय, म्हणजे कुठे थांबायचं, कुठे घुसायचं आणि कुणाच्या तोंडावर वाक्य संपवायचं, ही संकलनाची गोष्ट आहे. म्हणून सिनेमा जितका जास्त वेळा पाहिला जातो तितका तो लेखकाच्या हातून निसटून संकलकाच्या हाती जातो.

यावर आक्षेप येईल आणि यायलाच हवा. कुंदन शाह यांची कल्पना, रणजीत कपूर आणि सतीश कौशिक यांचे संवाद, असे नट, मग संकलकाला एवढं कशाला? मला कुणाचंच श्रेय काढून घ्यायचं नाही. रेणू सलुजा २०००मध्ये गेल्या. त्यानंतर कुंदन शाह यांनी ‘एक से बढकर एक’ केला, ‘पी से पीएम तक’ केला आणि आज कुणी ते पुन्हा लावत नाही. यावरून पुरावा म्हणून बोट दाखवायचा मोह होतो, पण तो पुरावा नव्हे. काळ बदलला होता, निर्माते बदलले होते, सरकारी पैशाचा तो छोटासा उबदार कोपरा गेला होता. माझा आधार वेगळा आहे. रेणू सलुजा यांनी संकलित केलेले कमी पैशांतले तीन विनोदी सिनेमे वेगवेगळ्या काळात, दोन वेगळ्या दिग्दर्शकांनी केले आणि तिन्ही टिकले.

दुसरा ‘कभी हां कभी ना’, १९९४चा, पुन्हा कुंदन शाह यांचाच. गोव्यात घडणारा, बँडवाल्या पोरांचा. (त्यातला गोवा गोवेकराला कितपत पटतो हा वेगळा वाद.) त्यातला सुनील उघडउघड खोटं बोलतो, मित्राला फसवतो, परीक्षेत नापास होऊन पास झाल्याचं सांगतो आणि प्रेक्षकाने त्याच्यावर जीव टाकावा अशी अपेक्षा आहे. शाहरुख खानच्या गोडव्याला याचं श्रेय देणं सोपं आहे. पण खोटं बोलून झाल्यावर कॅमेरा त्याच्यावर जो क्षणभर जास्त थांबतो, त्याला स्वतःलाच ते खोटं टोचतंय हे आपल्याला दिसेपर्यंत, तो क्षण ठेवला नसता तर सुनील लबाड वाटला असता. तिसरा १९९८चा ‘हैदराबाद ब्लूज’. नागेश कुकुनूर यांनी अमेरिकेतल्या इंजिनियरच्या नोकरीत साठवलेले सुमारे १७ लाख घालून काढलेला, दिग्दर्शक स्वतःच नायक आणि इतरही बहुतेक हौशी. इथे तर अडचण उलटी होती. ‘जाने भी दो यारो’त टायमिंग उतू जात होतं, इथे ते नटांकडे फारसं नव्हतंच. हौशी नट वाक्य बरं म्हणतो पण ऐकताना उघडा पडतो, त्याचे कान बंद असतात. ते ऐकणं जोडून तयार करावं लागतं. डिमेलोंच्या प्रेतावर जी विद्या वापरली तिचीच गरज इथे पडली, फक्त या वेळी माणसं जिवंत होती.

‘जाने भी दो यारो’ ज्या वर्षी आला, त्याच वर्षी रेणू सलुजा यांनीच संकलित केलेला ‘अर्धसत्य’ही आला. श्री. दा. पानवलकरांची कथा, विजय तेंडुलकरांची पटकथा, दिलीप चित्र्यांची कविता, म्हणजे हिंदी बोलणारा असला तरी आतून मराठीच सिनेमा. दोन्हीकडे ओम पुरी, दोन्हीकडे हीच मुंबई आणि तिची सडलेली व्यवस्था. एका सिनेमात ती सहन न होऊन माणूस फुटतो, दुसऱ्यात शेवटी कैद्यांच्या कपड्यांतले दोघे आपल्याकडे वळून गळ्यावरून हात फिरवतात. एका वर्षात एकाच व्यक्तीने संकलित केलेल्या या दोन सिनेमांपैकी प्रतिष्ठेचा कोणता मानला गेला हे सांगायला नकोच. पुढे त्यांना चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले: ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’. या चारांत विनोदी एकही नाही. ‘जाने भी दो यारो’ला दिग्दर्शकाच्या पहिल्या सिनेमाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि रवी बासवानींना विनोदी भूमिकेसाठी फिल्मफेअर. संकलनाकडे कुणाचं लक्ष गेलं नाही. ‘परिंदा’चं संकलन थोर आहेच, पण त्यातलं थोरपण पहिल्याच पाहण्यात अंगावर येतं.

रेणू सलुजांच्या मृत्यूनंतर इन्स्टिट्यूटच्या माजी विद्यार्थ्यांनी त्यांच्यावर पुस्तक काढलं, त्याच्या नावातच ‘इनव्हिजिबल’ आहे. प्रेमाने दिलेलं नाव आहे आणि संकलकाला ते आदराचं वाटतं. चांगलं संकलन दिसत नाही, हा त्या धंद्यातला मंत्रच आहे. मला तो विनोदाच्या बाबतीत अर्धाच पटतो. रडवणाऱ्या प्रसंगात कट दिसला तर रडू थांबतं, हे खरं. पण विनोदात कित्येकदा कट हाच विनोद असतो. माणूस छातीठोकपणे काही सांगतो आणि पुढच्या चौकटीत त्याच्या नेमकं उलट घडलेलं असतं, तेव्हा आपण त्या जोडालाच हसतो. तो जाणवायला हवा. अदृश्यतेचा मंत्र जपून संकलकांनी स्वतःचं नुकसान करून घेतलंय असं मला वाटतं. दिसायचंच नाही हा ज्याचा बाणा, त्याचं नाव आणि त्याचं मानधन दोन्ही विसरणं निर्मात्याला सोपं जातं. कल्ट सिनेमाच्या बाबतीत तर हे फारच बोचतं, कारण त्याची कीर्ती वीस-तीस वर्षांनी येते आणि संकलकाचा हिशेब तेव्हाच, ठरलेल्या रकमेवर, मिटलेला असतो.

परीक्षकांचा यात दुष्टावा नाही. ते दिवसाला तीन-चार सिनेमे पाहतात आणि प्रत्येक एकदाच. एकदा पाहून विनोदी सिनेमात लेखक दिसतो, नट दिसतो. लय मुरायला वेळ लागतो. २०१२मध्ये ‘जाने भी दो यारो’ची प्रत दुरुस्त करून तो पुन्हा थिएटरात लावला, तोवर रेणू सलुजांना जाऊन बारा वर्षं झाली होती. एखाद्या संस्थेला खरोखर मनावर घ्यायचं असेल तर विनोदी सिनेमाच्या संकलनाचा वेगळा पुरस्कार ठेवावा, आणि तो प्रदर्शनानंतर वीस वर्षं उलटल्याखेरीज देऊच नये. परीक्षकांना सिनेमा तीनदा दाखवावा. पहिल्या दोन खेपांना कागद-पेन बाहेर ठेवायला सांगावं, आणि तिसऱ्या खेपेला कोण कुठे हसलं याचीच फक्त नोंद घ्यावी.